तोंडावळा

एका पेसोत पाच मिनिटं.
प्लायवूडच्या खोक्याला फट, फटीत नाणं,
नाणं पडलं की पडदा उजळतो
आणि कोपऱ्यातले लाल आकडे उलटे पळायला लागतात.
अशी नऊ खोकी माझ्या दुकानात, एस्तान्सियाच्या धक्क्याजवळ.
बाहेर वाळत घातलेली मासळी, आत पोरं,
दोन्हींवर माशा.

बाकीची पोरं नाणं टाकतात नि थेट रणात उतरतात.
जोवेलिन उतरत नाही.
ती सहा नंबरवर बसते, पाय खुर्चीवर घेऊन,
आणि शिपायाचं नाक घडवत राहते.

फुकटात सात चेहरे मिळतात.
सोन्याचं हेल्मेट, वाघाच्या पट्ट्यांचं चिलखत, जळते बूट,
यांना खरे पैसे पडतात. तिकडे ती बघतही नाही.
पाचवा चेहरा घेते,
त्याची हनुवटी आत ढकलते, कान बाहेर ओढते,
रंग दोन घरं काळा, मग अर्धं घर मागे,
गालफडं बसवते, जशी
दाढ काढून आलेल्या माणसाची बसतात.
मी काउंटरवरून म्हणते, अगं, बारा पेसो गेले,
एवढ्यात माणूस जन्माला येऊन चालायला लागला असता.
ती म्हणते, नांग पासिता,
भुवईवरची खोक डावीकडे होती की उजवीकडे?

तेव्हा मला कळलं, कुणाचं काम चाललंय.

रेनांते. तिचा थोरला.
तेलाच्या जहाजावर, इंजिनखोलीत, चौदा महिने झाले.
फोन येतो तो बंदर लागलं की,
तोही नुसत्या आवाजाचा. चित्र दाखवायचं म्हटलं
की तो अडकतो, चौकोन चौकोन होऊन.
खोक मला माहीत आहे. याच दुकानात पडली,
दोन नंबरच्या खोक्याचा कोपरा. रक्त मीच पुसलं.
डावीकडे, म्हटलं.
त्याच्या डावीकडे की तुमच्या?
मी हात वर केला, माझ्या भुवईला लावला,
मग तो समोर उभा आहे असं धरून हवेत नेला
आणि तिथंच थांबले.
पुसताना मी त्याच्या समोर होते की मागे?

तेवढ्यात वीज गेली.
नऊच्या नऊ पडदे काळे, पोरांच्या शिव्या एका सुरात,
त्यात तिची एकही नाही.
चेहरा जतन केला नव्हता.

दुसऱ्या दिवशी पंधरा नाणी घेऊन आली,
ओली, मासळीच्या वासाची.
पुन्हा पाचवा. या वेळी हात भराभर चालला,
पाठ झालेल्या पाढ्यासारखा.
खोक तिनं दोन्ही भुवयांवर लावून पाहिली,
मग डावी ठेवली.
कुणाची डावी, मी विचारलं नाही.

चार नंबरवरचा एल्मर तिला सांगत होता,
उगाच मरतेस. या खेळात स्वतःचं तोंड दिसतच नाही.
आपल्याला आपले हात दिसतात फक्त, आणि बंदूक.
तोंड दिसतं ते समोरच्याला.
माहीत आहे, ती म्हणाली,
आणि पहिल्यांदाच 'तयार'वर बोट दाबलं.

तीन सेकंद टिकली असेल.
उगवली, भिंतीच्या कडेला आली,
बंदूक कशी धरायची ते शोधत वळली,
आणि एल्मरच्या दुर्बिणीत अख्खा चेहरा.
मी पाहिला. त्याच्या पाठीमागेच होते, सुट्टे द्यायला.
घाम नसलेला, दाढी नसलेला,
जरा जास्तच नाकीडोळी नीटस,
पण तोच.
थांब थांब, एल्मर ओरडला, हा तर रेनांते!
याच्याकडे माझे चाळीस पेसो आहेत!
आणि बार टाकला.

जोवेलिन खुर्चीतून वाकून त्याच्या पडद्याकडे बघत होती.
मारणाऱ्याच्या पडद्यावर पडलेला माणूस
थोडा वेळ दिसतो,
मग जमीन त्याला पिऊन टाकते.

पुन्हा मार, ती फटीत नाणं सरकवत म्हणाली,
पण या खेपेला जवळ येऊन.